पाण्याला बसायला जागा

मला मालिकेत काम मिळालं ते एका फ्रॉकमुळे. तेव्हा मी सात वर्षांची होते, दुसरीत. पनवेलच्या पूर्वेला, नेरे गावाच्या पुढे, डोंगराच्या पायथ्याशी एका फार्महाऊसवर एका मराठी मालिकेचं शूटिंग सुरू होणार होतं. घरातल्या धाकट्या मुलीच्या भूमिकेसाठी मुंबईची एक मुलगी ठरली होती. तिच्या मापाचे सहा फ्रॉक शिवून तयार होते, आणि शूटिंगला दोन दिवस उरले असताना तिला कांजिण्या आल्या. फ्रॉक शिवणाऱ्या बाई आमच्याच बिल्डिंगमध्ये तळमजल्यावर राहायच्या. मालिकेचा माणूस त्यांच्या घरी डोक्याला हात लावून बसला होता, तेवढ्यात मी आईचा ब्लाउज झाला का विचारायला गेले. बाईंनी माझ्याकडे पाहिलं, मग हँगरवरच्या फ्रॉककडे पाहिलं आणि म्हणाल्या, "हिला घालून बघा."

फ्रॉक बसला. त्या माणसाने मला एक वाक्य म्हणायला सांगितलं, मी म्हटलं, आणि तो उठून आमच्या घरी आईला भेटायला आला. वडील रसायनीच्या एका कारखान्यात शिफ्टला असायचे, ते घरी नव्हते. आईने त्याला चहा दिला आणि एकच अट घातली: शाळा बुडता कामा नये. म्हणून माझं सगळं काम शनिवार-रविवारी आणि सुट्ट्यांमध्ये व्हायचं. पुढची चार वर्षं मी आठवड्यातले दोन दिवस दुसऱ्याच कुणाची तरी मुलगी असायचे आणि उरलेले पाच दिवस गृहपाठ अपुरा म्हणून ओरडा खायचे.

मी फार चांगली नटी होते असं मला वाटत नाही. मला पाठांतर होतं, आणि सांगितलं की रडता यायचं. रडताना मी आमच्या बिल्डिंगमधल्या मेलेल्या मांजराचा विचार करायचे. एका मांजरावर मी चार वर्षं रडले. पण त्या सेटवर मला एक माणूस भेटलं, आणि त्या माणसाचे आभार मानायचे तर कुठून सुरुवात करावी हेच मला अजून कळत नाही.

ताई सेटवर कंटिन्युइटीचं काम बघायच्या. मालिकेतला एक प्रसंग सलग कधीच घेत नाहीत. अर्धा आज घेतला, अर्धा पुढच्या आठवड्यात. मग मधल्या काळात कपातला चहा किती होता, दार किती उघडं होतं, माझी रिबीन उजवीकडची सैल होती की डावीकडची, हे कुणीतरी लक्षात ठेवावं लागतं. ते काम ताईंचं. सुती पंजाबी ड्रेस, गळ्यात दोऱ्याने बांधलेली पेन्सिल, हातात जाड वही. त्यांचं बोलणं कमी होतं. शॉट लागायला दोन-दोन तास जायचे, मी कंटाळून पाय हलवत बसायचे. तेव्हा त्यांनी मला एक खेळ शिकवला. मला डोळे मिटायला लावून त्या खोलीतली एक वस्तू हलवायच्या. डोळे उघडले की मी सांगायचं, काय बदललं. सुरुवातीला मी नुसतीच बघत राहायचे. मग हळूहळू मला उशीवरची घडीसुद्धा दिसायला लागली.

"बघायला घाई करायची नाही," त्या म्हणायच्या. "आधी आहे ते सगळं बघ. मग बदललेलं आपोआप दिसतं."

चौथीच्या परीक्षेनंतरची गोष्ट आहे. एप्रिल चालू होता. मालिकेत माझे वडील घर सोडून निघतात आणि मी भर पावसात त्यांच्यामागे धावते, असा प्रसंग होता. पाऊस तर हवा, पण आभाळ कोरडं ठणठणीत. म्हणून पाण्याचे दोन टँकर आणले. उंच शिड्यांवर भोकं पाडलेले पाइप बांधले, पंप लावला, आणि अंगणात खरोखर पाऊस पडायला लागला. मला तो फार आवडला. उन्हातला पाऊस, आणि वर पगार.

पहिला टँकर आधीच्या शॉट्समध्येच दुपारपर्यंत संपला. दुसरा सुरू झाला तेव्हा मला कुंपणापलीकडे बायका दिसल्या. डोंगराच्या अंगाला एक वाडी होती. तिथली माणसं फार्महाऊसवर आणि वीटभट्टीवर मजुरीला यायची. त्या बायका आत आल्या नव्हत्या, तारेच्या कुंपणाला लागून नुसत्या उभ्या होत्या, कमरेवर रिकामे हंडे घेऊन. त्यांच्या विहिरीने तळ गाठला होता हे मला नंतर कळलं. मालिकेचा एक माणूस त्यांना सांगत होता, "शूटिंग चालू आहे, बाजूला व्हा, फ्रेममध्ये येताय."

त्यातली एक म्हणाली, "आमी काय बोलत नाय. उरंल त्ये द्या."

"उरणार नाही काही," तो म्हणाला.

आम्ही पहिला टेक दिला. वडिलांचं काम करणाऱ्या नटाचा पाय घसरला. दुसरा टेक दिला. तो नीट झाला. मी धावले, पडले, मांजर आठवून रडले. दिग्दर्शकांनी टाळी वाजवली. मग ते म्हणाले, "छान. अजून एक घेऊन ठेवू. सेफ्टीसाठी."

ताईंनी वही उघडली. माझ्याजवळ आल्या, माझ्या ओल्या डोक्याकडे वाकून पाहिलं आणि मोठ्याने म्हणाल्या, "सर, हिचा भांग बदललाय. आता घेतलंत तर आधीच्या शॉटला जुळणार नाही."

"मग विंचरा ना."

"केस वाळवून, दोन वेण्या परत घालायच्या म्हणजे तास जाईल. उजेड जाईल."

दिग्दर्शकांनी कलत्या उन्हाकडे पाहिलं. मग ते म्हणाले, "ठीक आहे. आहे तो चालेल."

मी डोक्यावर हात नेला. भांग मधोमध होता, सकाळी घातला होता अगदी तिथेच. ताईंनीच मला तीन वर्षं असलं बघायला शिकवलं होतं. मी म्हटलं, "ताई, माझा भांग तर..."

"जा, टॉवेल घे. सर्दी होईल," त्या म्हणाल्या आणि वही मिटून टँकरवाल्याकडे गेल्या.

त्या त्याच्याशी काय बोलल्या ते मला ऐकू आलं नाही. त्याने पाइप ओढत कुंपणाशी नेला. अर्ध्याहून जास्त टँकर शिल्लक होता. बायकांनी हंडे भरले, डोक्यावर घेऊन गेल्या, परत आल्या, पुन्हा भरले. कुणी आभार मानले नाहीत, कुणी भांडलं नाही. एकीने मात्र पाइपचं तोंड हाताने दाबून धरलं होतं, दोन हंड्यांच्या मधलं पाणी मातीत जाऊ नये म्हणून. टॉवेल गुंडाळून मी ते सगळं बघत उभी राहिले. माझ्या अंगावरून गळणारं पाणी माझ्या पायाशी साचत होतं, आणि आयुष्यात पहिल्यांदा मला पाण्याची लाज वाटली.

परतताना गाडीत मी हळूच विचारलं, "तुम्ही खोटं बोललात?"

"हो," त्या म्हणाल्या. थोड्या वेळाने म्हणाल्या, "मी बोलले. तू नको शिकूस."

त्यानंतर एक वर्ष मी काम केलं. मग अचानक मी वाढायला लागले. सहा महिन्यांत मी माझ्या मालिकेतल्या मोठ्या बहिणीच्या खांद्याला लागले. लेखकांनी त्यावर तोडगा काढला आणि एका भागात मला पाचगणीच्या हॉस्टेलला पाठवून दिलं. मालिका पुढे दोन वर्षं चालली, पण त्या घरात परत कुणी माझं नावसुद्धा काढलं नाही. सुट्टीतसुद्धा मला घरी आणलं नाही त्या लोकांनी.

पनवेलमध्ये मात्र मला बरीच वर्षं लोक विचारायचे. भाजीवाली विचारायची, "काय गं, हॉस्टेलातून कधी सुटलीस?" कॉलेजात गेले तरी रिक्षावाले आरशातून बघायचे आणि म्हणायचे, "ताई, तुम्ही ती हॉस्टेलवाली ना?" मला सुरुवातीला राग यायचा. काम गेलं याचं दुःख मला वाटलं त्याहून जास्त होतं, आणि लोक रोज त्यावर बोट ठेवायचे. आई म्हणायची, "अगं, प्रेमाने विचारतात. हस की जरा." मी हसायला शिकले. पुढे त्या हसण्याचा मी कसा वापर केला ते सांगते, कारण तेच सांगायला मी लिहायला बसले आहे.

बारावीनंतर मी आर्किटेक्चरला गेले आणि मग नगररचना शिकले. त्याचं मोठं असं काही कारण सांगता येत नाही. इतर मुलं इमारत काढायची, मी आधी पाणी कुठून येतं आणि कुठे जातं ते काढत बसायचे, आणि एका प्राध्यापिकेने त्यावर, "तुला घरं बांधायची नाहीयेत, तुला गाव बांधायचंय," असं म्हणून मला पुढचं शिक्षण सुचवलं. तिचेही उपकारच. शिकून झाल्यावर मी एका सल्लागार कंपनीत लागले. सरकारी कामांचे आराखडे करून द्यायचे, पर्यावरणाच्या बाजूने ते तपासायचे, लोकांच्या सभा घ्यायच्या, असं काम होतं. आणि फिरून मी पनवेललाच आले.

आमचे साहेब निवृत्तीला आले होते. कोरडा माणूस, सफारी सूट, चहा बिनसाखरेचा. खाडीच्या बाजूच्या एका जुन्या गावाचं काम आमच्याकडे होतं. गावाच्या चहूबाजूंनी नव्या इमारती उठल्या होत्या. मधून एक उघडा नाला खाडीकडे जायचा, त्याच्या शेवटाला एक खोलगट पडीक जागा होती, चिखलाची, गवताची. आमच्या आराखड्यात नाला काँक्रीटने बंदिस्त होणार होता आणि त्या खोलगट जागेत चार फूट भराव टाकून बाग होणार होती. वर जॉगिंग ट्रॅक, खाली पाइप. कागदावर ते फार देखणं दिसायचं. बागेचा हिरवा रंग मीच निवडला होता.

सभेच्या आदल्या दिवशी साहेब म्हणाले, "तुम्हाला तिकडचे लोक ओळखतात ना? टीव्हीवरून?"

"थोडेफार."

"मग तुम्हीच बोला. मी बोललो की भांडणं होतात."

मी बोलले. समाजमंदिरात तीनेकशे माणसं होती, पंखे फिरत होते, माझ्या मागे पडद्यावर हिरवी बाग होती. आल्या आल्या एकाने हाक मारली, "हॉस्टेलवाली आली बघा!" सगळे हसले, मी पण हसले, आणि त्याच क्षणी मला कळलं की आज ही माणसं माझं ऐकणार. मग मी जे येत होतं ते सगळं वापरलं. कुठे थांबायचं, कुठे आवाज खाली आणायचा, कुठल्या बाईच्या डोळ्यात बघून "तुमच्या नातवंडांसाठी" म्हणायचं. डास जातील, वास जाईल, संध्याकाळी बसायला जागा होईल. मी खोटं बोलत नव्हते. पण मी तो नाला पायी चालून बघितला नव्हता. जमिनीचे उंचसखल आकडे एका जुन्या नकाशावरून घेतले होते, ते तपासायचे राहिले होते, आणि ते राहिलेत हे मला माहीत होतं. त्या दिवशी मी ते कुणाला सांगितलं नाही.

टाळ्या झाल्या. लोकांनी संमतीच्या कागदावर सह्या केल्या, अंगठे उठवले. माझ्याबरोबर फोटो काढले. साहेबांनी मला पहिल्यांदाच म्हटलं, "उत्तम."

मी दाराशी चपला घालत होते, तेव्हा एक बाई येऊन उभ्या राहिल्या. साठीच्या असतील. हिरव्या बांगड्या नव्हत्या, कपाळ मोकळं होतं, लुगड्याचा काष्टा घट्ट, पायांना भेगा.

"बोललीस चांगलं," त्या म्हणाल्या. "टीवीत बी चांगलंच बोलायचीस."

मी म्हटलं, "थँक्यू, मावशी."

"पन आमचा नाला तू बघितलास का?"

"नकाशात बघितला, मावशी."

"नकाशात बघितलास," त्यांनी तेवढंच परत म्हटलं. त्यात टोमणा नव्हता, जणू त्यांना ते नीट ऐकून घ्यायचं होतं. "उद्या दुपारी ये. उधाण हाय. साडी नको नेसूस, चिखोल हाय."

मी गेले. का गेले ते सांगणं अवघड आहे.

मावशींचे यजमान मिठागरात काम करायचे. मिठागरं गेली, मग यजमानही गेले. पण खाडीच्या बांधावर एक जुनी उघाडी होती, म्हणजे नाल्याच्या तोंडाशी बसवलेलं लाकडी दार, आणि तिच्याकडे लक्ष ठेवायचं काम मावशींनी सोडलं नव्हतं. त्यांना कुणी ते काम दिलं नव्हतं. दारात प्लास्टिकच्या पिशव्या अडकल्या की त्या कोयतीने काढायच्या. आम्ही बांधावरून चालत गेलो. त्या पुढे, मी मागे, दोनदा घसरले. दोन्ही वेळा त्यांनी वळून न बघता हात मागे केला.

उघाडीपाशी आम्ही बसून राहिलो. नाल्यातलं पाणी दाराखालून खाडीकडे संथ जात होतं. मग ते थांबलं. मग खाडी उलटी फुगायला लागली, आणि थोड्या वेळाने समुद्राच्या पाण्यानेच ते दार ढकललं आणि धप्पकन बंद केलं.

"भरती आली का दार बंद," मावशी म्हणाल्या. "खारं पानी आत येत नाय. पन मंग आतलं पानी बी भायेर जात नाय. आता धो धो पाऊस लागला तं ते जाईल कुठं?"

मी मागे वळून पाहिलं. तिथून ती खोलगट जागा दिसत होती, चिखलाची, गवताची. कडेच्या एका जुन्या दगडी खांबावर पाण्याच्या रेषा होत्या, एकावर एक, गेल्या कित्येक पावसाळ्यांच्या. मला हे सगळं आधी का दिसलं नाही याचं उत्तर सोपं होतं. मी आलेच नव्हते.

"हितं बसतं," मावशींनी त्या जागेकडे हात केला. "पाच-सा तास बसतं. ओहोटी लागली, दार उघडलं, का उठून जातं. पान्याला बसायला जागा नको?"

मी पर्समधला आराखडा उलगडून त्या जागेवर बोट ठेवलं.

"तुमची बाग ती हितंच का?"

"हो."

"भराव टाकून?"

"हो, मावशी."

"मंग पानी माझ्या घरात बसंल," त्या म्हणाल्या. जराही रागावल्या नव्हत्या. पाहुणे किती येणार आहेत ते सांगावं तसं सांगितलं. मग त्यांनी कमरेची पिशवी सोडली, त्यातून तांदळाची भाकरी आणि सुक्या जवळ्याची चटणी काढली आणि अर्धी भाकरी माझ्या हातावर ठेवली. मी खाल्ली.

दुसऱ्या दिवशी मी साहेबांच्या टेबलासमोर उभी राहिले.

"आराखडा चुकलाय, सर."

त्यांनी चष्मा काढला. "लोकांनी सह्या दिल्यात."

"त्या मी अभिनय करून मिळवल्यात."

हे वाक्य मी ठरवून म्हटलं नव्हतं. ते तोंडातून गेल्यावर मला रडू आलं, आणि यावेळी मांजराची गरज पडली नाही. साहेबांनी टिश्यूचा डबा पुढे सरकवला आणि घड्याळात पाहिलं. मला वाटलं, आता हे मला कामावरून काढणार. ते म्हणाले, "पुढची मोठी भरती कधी आहे?"

ते स्वतः आले. चामड्याचे बूट घालून आले. मावशींनी त्यांच्याही पुढे चालत बांध दाखवला, उघाडी दाखवली, खांबावरच्या रेषा दाखवल्या. साहेबांचा एक बूट चिखलात रुतून राहिला, तो मावशींनी कोयतीने उकरून काढला. दार बंद झालं तेव्हा साहेब एका पायात बूट आणि एका पायात मोजा घालून बराच वेळ ते बघत उभे होते. परतताना गाडीत ते म्हणाले, "तीस वर्षं झाली मला या कामात." ऑफिसात पोचल्यावर म्हणाले, "जमिनीच्या नवीन लेव्हल्स घ्या. आराखडा मी बदलून मागतो. पण गावात तुम्ही जायचं. एकटीने."

त्या दुसऱ्या सभेला मी जितकी घाबरले तितकी कुठल्याच कॅमेऱ्यासमोर घाबरले नव्हते. पडदा लावला नाही, माइक घेतला नाही. मी उभी राहून म्हणाले, "मागच्या वेळी मी तुम्हाला जे सांगितलं ते मी जागा न बघता सांगितलं होतं. आणि तुम्हाला पटावं म्हणून मुद्दाम गोड बोलले. ती बाग तशी झाली तर तुमच्या घरांत पाणी शिरेल. मला माफ करा."

पुढच्या रांगेतला एक माणूस उठला. गावातलाच, वडिलोपार्जित जमिनीवर त्याची इमारत उभी राहत होती, आणि बागेच्या भरवशावर त्याने फ्लॅट विकायला काढले होते.

"मालिका हाय का ही?" तो ओरडला. "मागच्या भागात एक डायलॉग, या भागात दुसरा? आमी तुमच्यावर विश्वास ठेवला ना!"

तो बरोबरच बोलत होता. आणखी दोघं-तिघं उठली. एक जण म्हणाला, यांच्यावर आता कशाला विश्वास ठेवायचा. मागून मावशींचा आवाज आला. त्या उठल्या नव्हत्या, बसल्या जागेवरूनच बोलल्या.

"अरे, बस खाली. गोड बोलायला आली तवा मोटार भरून मानसं आली होती. चूक सांगायला एकटी आलीय. ऐका तरी."

ऐकलं त्यांनी. तीन तास ऐकलं आणि तीन तास मला ऐकवलं. कुठल्या घराला कुठल्या वर्षी पाणी लागलं, कुणाची भिंत पडली, कुठला जुना पाट बिल्डरने बुजवला. मी लिहून घेतलं. आमच्या जुन्या नकाशात नसलेल्या गोष्टी त्या एका संध्याकाळी मला मिळाल्या, आणि मी फसवलेल्या माणसांनी त्या मला दिल्या. मला अजून त्याचं नवल वाटतं.

सगळं मनासारखं झालं असं नाही. नाला उघडा राहिला, त्यावर जिथे रस्ता येत होता तिथे रुंद पूल झाला. खोलगट जागा वाचली, पण पूर्ण नाही. एक कडा रस्त्यात गेली, ती मला वाचवता आली नाही. बाकीची जागा खोदून, काठ बांधून तलाव म्हणून ठेवली. उघाडीला लोखंडी दार आलं. पुढच्या पावसाळ्यात मावशींच्या घराच्या दुसऱ्या पायरीपर्यंत पाणी आलं आणि ओहोटीबरोबर उतरलं. पण रस्त्याच्या कडेच्या तीन घरांत ते शिरलंच. त्या घरांतल्या बायका मला नावं ठेवतात, आणि मी त्यांच्याकडे जाते तेव्हा मला पाणी मात्र विचारतात. तिथला पाट रुंद करायचं काम अजून चालू आहे.

समोरच्या रांगेतल्या त्या माणसाने त्याच्या इमारतीवर आता मोठा फलक लावलाय: प्रत्येक घरातून तलावाचं दर्शन. फ्लॅट त्याने वाढीव भावात विकले. मला दिसला की तो लांबूनच हात वर करतो. मला त्याचं हसू येतं आणि बरंही वाटतं. तो तलाव बुजवायला आता कुणी आलं, तर सगळ्यात आधी तोच आडवा पडेल.

साहेब निवृत्त झाले. निरोपाच्या दिवशी त्यांनी माझं कौतुक वगैरे काही केलं नाही. स्वतःचा जमीन मोजायचा जुना टेप मला दिला आणि म्हणाले, "आधी हा. मग भाषण."

आई आता थकलीय. तिला माझ्या कामातलं फारसं कळत नाही, पण गावातून कुणी वालाच्या शेंगा पाठवल्या की त्या सोलत ती शेजारणींना सांगते, "हिच्या कामाच्या लोकांनी दिल्यात." मी मालिकेत होते तेव्हाचे फोटो तिने भिंतीवरून कधी काढले ते मला कळलंच नाही. विचारलं तर म्हणाली, "रंग उडाला होता."

गेल्या वर्षापासून गावातल्या बायकांनी एक नवीनच मागणी काढली: आम्हाला नकाशा वाचायला शिकवा. म्हणून महिन्यातून एका शनिवारी दुपारी मी समाजमंदिरात जमिनीवर मोठा कागद पसरते. दहा-बारा जणी येतात. आधी सगळ्या आपापलं घर शोधतात, मग माहेर, मग मासळीबाजार. मावशींना अक्षर येत नाही, पण रेषा त्यांना सगळ्यांच्या आधी कळल्या. मागच्या शनिवारी त्यांनी बोट ठेवलं आणि म्हणाल्या, "ह्ये चुकलंय. हितं मोकळी जागा दावलीय. हितं माझा गोठा हाय. दोन म्हशी हायेत."

मी वाकून पाहिलं. खरंच, गोठा राहिला होता. इतक्या वेळा त्याच्या कडेने गेले होते मी.

"राहिलाच की, मावशी."

"मंग काढ."

"तुम्हीच काढा," मी म्हटलं आणि पेन्सिल त्यांच्या हातात दिली.

त्यांनी ती मुठीत धरली, कोयती धरतात तशी. बाकीच्या बायका वाकून बघायला लागल्या. कुणी म्हणालं दार पूर्वेला काढ, कुणी म्हणालं अगं मागच्या अंगाला. मावशींनी कुणाचं ऐकलं नाही. जीभ दातात धरून त्यांनी चार रेषांचा एक वाकडा चौकोन काढला, थोडं थांबल्या, आणि मग त्यात दोन ठिपके दिले.

"ह्या म्हशी," त्या म्हणाल्या. "नाय तं पुन्हा कुनी मोकळी जागा समजंल."